केस्लापूरच्या बावीस चुली

पौष अमावास्येच्या रात्री केस्लापूरच्या नागोबाला दाखवल्या जाणाऱ्या नैवेद्याला तीन गोष्टी ठरलेल्या लागतात: पाणी ठरलेल्या डोहाचे, मडकी ठरलेल्या गावच्या कुंभाराची आणि चुली मोजून २२. ताटात काय आहे याहून ते कोणी, कशात आणि कुठे शिजवले, याला इथे अधिक महत्त्व आहे. केस्लापूर हे तेलंगणातल्या आदिलाबाद जिल्ह्याच्या इंद्रवेल्ली मंडलातले लहान गाव. एरवी शांत असणारे हे गाव जत्रेच्या दिवसांत माणसांनी भरून जाते. तेलंगण, महाराष्ट्र, छत्तीसगड, मध्य प्रदेश, ओडिशा अशा चहूकडून गोंड कुटुंबे येतात. जत्रा सगळ्यांची असली, तरी पूजा आणि नैवेद्य यांचा अधिकार एकाच कुळाचा आहे, मेसराम कुळाचा. हे आडनाव महाराष्ट्रात मेश्राम असे लिहितात.

देवाचे नावच मराठी वाचकाला ओळखीचे वाटेल. खंडोबा, विठोबा, तसा नागोबा. मागे लागलेला हा ‘बा’ या मुलखाचा इतिहास सांगतो. जुना आदिलाबाद जिल्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. १९५६ साली भाषावार प्रांतरचनेत त्यातले किनवट आणि राजुरा हे भाग मराठी बाजूला आले आणि बाकीचा जिल्हा तेलुगू बाजूला गेला. रेषा नकाशावर पडली, पण सोयरिकी तशाच राहिल्या. आजही चंद्रपूर जिल्ह्यातले जिवती, कोरपना आणि नांदेडमधले किनवट, माहूर या तालुक्यांतून केस्लापूरला जाणाऱ्यांना आपण परराज्यात चाललो आहोत असे वाटत नाही. ते आत्याच्या, मामाच्या, मुलीच्या गावाला चाललेले असतात.

मराठी घरांत पौष हा भाकड महिना. लग्नमुंजी होत नाहीत, नवे काम सुरू करत नाहीत. आदिलाबादच्या गोंडांत मात्र मोठ्या देवांचा महिना तोच. त्याला शेतीचा आधार आहे. खरिपाची ज्वारी घरात आलेली असते, तीळ झोडपून झालेले असतात, कापूस वेचून झालेला किंवा संपत आलेला असतो. कणगीत धान्य आणि हातात थोडी सवड, अशी जुळणी वर्षात एकदाच होते. म्हणून पौषाची चंद्रकोर दिसली की मेसराम कुळातली जाणती माणसे केस्लापूरला जमतात आणि जत्रेची तयारी सुरू होते.

पहिले काम मडक्यांचे. कुळाची माणसे छकडा घेऊन, म्हणजे बैल जुंपलेली हलकी गाडी घेऊन, जवळच्या सिरिकोंडा गावी जातात आणि तिथल्या कुंभाराला मडक्यांची वर्दी देतात. मोठे रांजण, लहान घागरी, त्यांच्यावरची झाकणे, दिवे, सगळे नवे लागते. गेल्या वर्षीचे भांडे चालत नाही. हे काम पिढ्यान्‌पिढ्या त्याच गावच्या कुंभारांकडे आहे. ते गोंड नाहीत. तरी त्यांच्या चाकावरून उतरलेल्या मडक्यांशिवाय गोंडांच्या या देवाचे काम पुढे सरकत नाही. बाजारात चांगली भांडी मिळतात, स्टीलची तर पिढ्या टिकतात. तरीही वर्दी दरवर्षी सिरिकोंड्यालाच जाते, कारण मडक्याबरोबर कुंभाराच्या घराशी असलेला जुना शब्दही पाळायचा असतो.

दुसरे काम पाण्याचे, आणि ते सर्वांत कष्टाचे. पांढरे धोतर, पांढरे पागोटे आणि अनवाणी पाय अशा वेशात मेसराम पुरुषांची रांग केस्लापूरहून निघते. त्यांच्याबरोबर पांढऱ्या कापडात गुंडाळलेली झारी असते. डोंगर आणि जंगल ओलांडत, गावोगावी मुक्काम करत ती माणसे मंचिर्याल जिल्ह्यातल्या जन्नारमकडे येतात. हा सगळा भाग कव्वाल व्याघ्र प्रकल्पाचा. जन्नारमजवळ कलमडुगु गावाच्या हद्दीत गोदावरीचा एक डोह आहे, हस्तिनमडुगु. तेलुगूत मडुगु म्हणजे डोहच. तिथे पूजा करून झारी भरायची आणि त्याच पायांनी परत फिरायचे. या पाण्याला सगळे जण गंगाजलच म्हणतात. त्र्यंबकेश्वरला उगम पावून नाशिक, पैठण, नांदेड करत तेलंगणात उतरलेली ही गोदावरी मराठी माणसालाही गंगाच आहे. नाशिकचा माणूस ‘गंगेवर जाऊन येतो’ म्हणतो आणि कलमडुगुच्या काठावरचा गोंडही तेच म्हणतो.

परतीच्या वाटेवर इंद्रवेल्लीला इंद्रादेवीची पूजा होते आणि मग मंडळी केस्लापूरच्या वडांखाली येऊन थांबतात. देऊळ समोर दिसत असते, पण लगेच जायचे नसते. वडांच्या सावलीत काही दिवस मुक्काम पडतो. वर्षभरात कुळातली जी माणसे गेली, त्यांचे विधी तिथे होतात. नव्या नैवेद्याला हात लावण्याआधी गेलेल्यांचे देणे फेडायचे, असा हा क्रम. मराठी घरांतही कुळधर्माच्या पानाआधी पितरांसाठी घास काढून ठेवतात. इथे त्या घासासाठी कित्येक दिवस दिलेले आहेत.

या मुक्कामात प्रधानांचे काम सुरू असते. प्रधान हे गोंडांचे भाट. कुळाची वंशावळ, देव कुठून आला, कोणत्या वाटेने आला, कोणाशी सोयरीक झाली, हे सारे किकरी नावाच्या तंतुवाद्यावर गाऊन सांगण्याचा मान त्यांचा. विसाव्या शतकाच्या चाळीशीत या भागात राहून अभ्यास केलेले ऑस्ट्रियन मानववंशशास्त्रज्ञ क्रिस्तोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ यांनी एक लक्षात राहण्यासारखी गोष्ट नोंदवली आहे. आदिलाबादच्या प्रधानांची घरची भाषा मराठी. घरात मराठी बोलणारी ही माणसे यजमानांच्या देवासमोर मात्र गोंडीत गातात. आपल्या भाषेच्या आठवणीतही नसलेला एक मोठा मौखिक ठेवा मराठी बोलणाऱ्या घरांनी शतकानुशतके दुसऱ्या भाषेत सांभाळला, याची मराठी वाङ्मयाच्या इतिहासांत जेवढी दखल घ्यायला हवी होती तेवढी घेतली गेलेली नाही.

आता चुलींकडे यावे. देवळाजवळ भिंतीने वेढलेले एक गोलाकार आवार आहे, त्याला गोवाड म्हणतात. जत्रेच्या दिवसांत मेसराम कुटुंबांचा वास तिथे असतो आणि कुळाचा स्वयंपाकही तिथेच. मेसराम कुळाच्या २२ शाखा आहेत. शाखेला गोंडीत कीता म्हणतात. जेवढ्या कीता तेवढ्या चुली, असा नियम. कुटुंबे वाढत गेली, शेकडोंच्या घरात गेली, तरी चुलींची संख्या २२ वरून हलली नाही. आपल्या कीतेच्या चुलीवर एका घरचे शिजून झाले की दुसऱ्या घरचे भांडे चढते, ते उतरले की तिसऱ्याचे. थंडीची रात्र, ओल्या-सुक्या लाकडांचा धूर, आणि मांडीवर पीठ घेऊन पाळीची वाट बघणाऱ्या बाया, असे गोवाडातले चित्र असते. घाईत असलेल्या माणसाने शेजारी तीन दगड मांडून वेगळी चूल पेटवावी, तर ते चालत नाही.

हा नियम गैरसोयीचा आहे, आणि गैरसोय हाच त्याचा उपयोग आहे. एका चुलीवर पाळी लावायची तर आपल्या कीतेत कोणकोणती घरे आहेत हे माहीत असावे लागते. कोण कोणाच्या आधी, कोण थोरले, कोणाच्या घरी यंदा म्हातारे माणूस आहे म्हणून त्याला आधी जागा द्यायची, हे ठरवावे लागते. वर्षभर निरनिराळ्या गावांत, आता तर दोन-तीन राज्यांत विखुरलेली भाऊबंदकी या पाळीत एकमेकांची तोंडे पाहते. केरळात तिरुवनंतपुरमच्या आट्टुकाल देवीच्या पोंगालाला लाखो स्त्रिया रस्त्यारस्त्यांवर आपापली चूल मांडतात. तिथे जितक्या बाया तितक्या चुली, आणि त्या गर्दीचे वैभव मोठेच आहे. केस्लापूरला उलटी रीत आहे. माणसे कितीही वाढोत, चुली वाढत नाहीत, त्यामुळे कुळ तुटायला जागा मिळत नाही.

सापाच्या देवाने चुलीवर बंधन घालावे, हे मराठी घरांनाही नवे नाही. नागपंचमीला तवा ठेवायचा नाही, तळायचे नाही, चिरायचे नाही, म्हणून उकडलेली पुरणाची दिंडे करतात. तिथे बंधन पदार्थाच्या कृतीवर आहे, इथे चुलींच्या संख्येवर.

चुलीवर जे शिजते ते साधे असते. कुटुंबे आपापल्या गावाहून शिधा बरोबर आणतात. पूर्वी सगळी मंडळी छकड्यातून यायची, धान्य, भांडी, लेकरे आणि बैलांचा चारा एकाच गाडीत. या मुलखातल्या गोंडांचे रोजचे अन्न ज्वारी. ज्वारीची भाकर, ज्वारी भरडून भातासारख्या शिजवलेल्या कण्या, पातळ आंबील. विदर्भात ज्याला घाटा म्हणतात तोही याच कुटुंबातला. मसाल्याचा बडेजाव नाही, तुपाची धार नाही. तेलंगणातल्या इतर मोठ्या उत्सवांतही देवापुढचा पदार्थ साधाच असतो. हैदराबादच्या बोनालूत नव्या मडक्यात शिजवलेला भात देवीला नेतात, आणि मुलुगु जिल्ह्यातल्या मेडारमला सम्मक्का-सारलम्मांना गूळ वाहतात. त्या गुळाला तिथे ‘बंगारम’ म्हणतात, म्हणजे सोने. घरात जे असते त्यातलेच देवाला, पण ते वाहताना त्याला दिलेला मान सोन्याचा.

आदिलाबादच्या शेतांत मात्र ज्वारी आटत चालली आहे. आज या जिल्ह्यातले सर्वांत मोठे पीक कापूस. जंगलाकडच्या गोंड वाड्यांवरही रोख पैशाचे पीक म्हणून कापूसच लागतो, आणि घरात स्वस्त धान्य दुकानाचा तांदूळ येतो. नैवेद्यासाठी लागणारे धान्य आपल्या शेतातले असावे ही अपेक्षा जुन्या माणसांच्या बोलण्यात येते, पण शेतच बदलले की ती पुरी करणे अवघड होते. मडकी अजून सिरिकोंड्याची आहेत, पाणी हस्तिनमडुगुचे आहे. या साऱ्या साखळीत सर्वांत नाजूक कडी धान्याची झाली आहे, आणि तिच्याबद्दल बोलणारे मात्र कमी आहेत.

अमावास्येच्या दिवशी काम कुळाच्या लेकींकडे आणि जावयांकडे जाते. वडांजवळच्या विहिरीवरून सिरिकोंड्याच्या नव्या घागरींत पाणी आणायचे ते लग्न होऊन दुसऱ्या कुळात गेलेल्या लेकींनी, आणि त्यांच्या सोबतीला त्यांचे नवरे. त्या पाण्यात वारुळाची माती कालवून वारूळ नव्याने घडवले जाते. गोंड समाजात कुळांची वाटणी देवांच्या संख्येवर होते, सातदेवे, सहादेवे, पाचदेवे, चारदेवे. त्याच गटात लग्न होत नाही. त्यामुळे मेसराम घरचा जावई हा नेहमीच दुसऱ्या गटाचा, दुसऱ्या देवांचा असतो. आपल्या देवाची जागा घडवायला परक्या देवांची माणसे बोलवायची, हा या विधीचा कणा आहे. कुंभार गोंड नाही, प्रधानाची घरची भाषा गोंडी नाही, जावई कुळाचा नाही, लेक कुळाची राहिलेली नाही. आणि तरी यांतला एक जण नसला तर मेसरामांचा नागोबा उपाशी राहील.

रात्री महापूजा होते. पेपरे, कालीकोम आणि ढोल वाजत असतात. कालीकोम म्हणजे शिंगाच्या जातीचे वाद्य, पेपरे सनईच्या. गोदावरीहून आणलेल्या पाण्याने देवाला अभिषेक होतो, नैवेद्य दाखवला जातो. त्यानंतर भेटीचा विधी. वर्षभरात मेसराम घरांत लग्न होऊन आलेल्या सुना पांढरे लुगडे नेसून, तोंडावर पदर घेऊन रांगेने येतात आणि थोरल्या बाया त्यांना नागोबापुढे नेतात. लग्न झाले तरी या भेटीपर्यंत सून कुळात पूर्ण सामील झालेली नसते. या सुनांना ‘भेटी कोरियाड’ म्हणतात. कोरियाड म्हणजे सून हा गोंडी शब्द, आणि त्याच्या आधीचा भेटी मराठी कानाला ओळखीचा. लेकी पाणी आणतात आणि सुना देवाला भेटतात. एकाच रात्रीत कुळातून गेलेल्या आणि कुळात आलेल्या बाया समोरासमोर येतात.

केस्लापूरच्या आधी पंधरा दिवस, पौष पौर्णिमेला, याच जिल्ह्यातल्या नारनूर गावी खामदेवाची जत्रा भरते. ती तोडसाम कुळाची. तिथला नैवेद्य मडक्यात शिजत नाही, घाण्यातून निघतो. कुळातली माणसे तिळाचे तेल घरी काढून आणतात आणि कुळाची एक लेक ते देवापुढे पिते. हे तेल अडीच किलो असते. घाण्यावर शंभर किलो तिळातून चाळीसेक किलो तेल उतरते असे धरले, तर अडीच किलो तेलामागे सहा किलोंहून थोडे जास्त तीळ लागले. म्हणजे तिळाचे एक चांगले गाठोडे एका बाईच्या ओंजळीत येते. हा मान घेणाऱ्या लेकीने तो लागोपाठ तीन वर्षे पाळायचा असतो. मग पाळी दुसरीकडे जाते. सध्याच्या रूपात ही प्रथा १९६१ पासून चालत आली आहे, आणि अलीकडच्या वर्षांत चंद्रपूर जिल्ह्यात राहणाऱ्या लेकीनेही हा मान घेतला आहे. गावाला सुख लाभावे, पीक यावे, घरे भरावीत, हा त्यामागचा भाव.

साधारण शरीराला एवढे तेल एकदम पचवता येत नाही. इतर कोणी करून पाहावे असे हे नाही, आणि खुद्द कुळातही ते वर्षातून एकदा, एकाच व्यक्तीने, सगळ्यांच्या देखत करायचे असते. त्याच सुमारास मराठी घरांत संक्रांतीचा तिळगूळ वाटला जातो. थंडीत तिळाचा स्निग्धपणा अंगी लागावा, हे दोन्हीकडे सारखेच. तिळगूळ चिमूटचिमूट सगळ्यांत वाटायचा असतो. नारनूरला सगळ्यांचे तीळ एकीच्या पोटात जातात आणि ती ते सर्वांच्या वतीने सोसते. इथेही निवड लेकीचीच होते, घरात राहिलेल्या मुलाची किंवा सुनेची नाही. केस्लापूरला पाणी आणणारी लेक आणि नारनूरला तेल पिणारी लेक या एकाच विचाराच्या दोन बाजू आहेत. कुळ सोडून गेलेली मुलगीच कुळासाठी सर्वांत अवघड काम करते.

आदिलाबादच्या गोंडांचे सणाचे अन्न म्हटले की तिसरे नाव मोहाचे येते. चैत्राच्या तोंडावर पहाटे मोहाची फुले झाडाखाली सडा टाकतात, ती वेचून वाळवून वर्षभर ठेवली जातात. बाहेरच्या जगात मोह म्हणजे दारू एवढेच समीकरण रूढ झाले आणि त्यात या फुलाच्या खाण्याची बाजू झाकली गेली. वाळलेले फूल भाजून, कुटून गोडाला वापरतात, बियांचे तेल काढतात. उटनूरच्या आदिवासी स्त्रियांच्या सहकारी गटाने मोहफुलांचे लाडू बाजारात आणले आहेत आणि ते वसतिगृहांतल्या मुलामुलींपर्यंतही गेले. तेलुगूत मोहाच्या फुलाला इप्पपुव्वु म्हणतात, त्यामुळे हे लाडू त्याच नावाने ओळखले जातात. देवाच्या कामात वापरले जाणारे फूल पोषणाच्या योजनेत आले, हे चांगलेच झाले. त्या फुलाची किंमत ठरवताना वेचणारीच्या पहाटेच्या मजुरीचा हिशेबही धरला जावा.

नागोबाच्या जत्रेत महापूजेनंतर दरबार भरतो. १९४० साली जोडेघाटला निजामाविरुद्ध लढणारे गोंड नेते कोमराम भीम मारले गेले, त्यानंतर निजाम सरकारने गोंडांच्या असंतोषाची कारणे शोधण्यासाठी हायमेनडॉर्फ यांना नेमले. मोठ्या संख्येने गोंड एकत्र येतात ते केस्लापूरला, तर अधिकाऱ्यांनी तिथेच जाऊन त्यांचे ऐकावे, अशी ही कल्पना त्या दशकात रुजली. जमिनीचे पट्टे, पाणी, रस्ते, शाळा यांची गाऱ्हाणी अजूनही त्या दरबारात मांडली जातात. मारलावाई गावी राहून हायमेनडॉर्फ यांनी जे पाहिले ते १९४८ च्या त्यांच्या ग्रंथात आले. २०१६ च्या जिल्हा विभाजनानंतर मारलावाई आणि जोडेघाट कुमरम भीम आसिफाबाद जिल्ह्यात गेले, हस्तिनमडुगु मंचिर्यालमध्ये गेला, केस्लापूर आणि नारनूर आदिलाबादमध्ये राहिले. नैवेद्याची वाट आता जिल्ह्यांच्या हद्दी ओलांडत येते. जत्रेला तेलंगण सरकारने राज्य उत्सवाचा दर्जा दिला आहे, पण देऊळ मेसरामांनी स्वतःच्या वर्गणीतून बांधले. कोरीव दगडाच्या या नव्या देवळाची प्रतिष्ठा डिसेंबर २०२२ मध्ये झाली. देऊळ नवे झाले, गोवाडातल्या चुली मात्र २२ च राहिल्या.

शेवटी बेताल पूजा होते. कुळातले जाणते हाती काठ्या घेऊन उड्या मारत नाचतात. मग गोवाड रिकामा होऊ लागतो. चुलींतली राख तशीच राहते, भांडी आणि अंथरुणे गाड्यांत चढतात. मेसराम मंडळी केस्लापूरहून थेट घरी जात नाहीत. उटनूर मंडलातल्या शामपूरला बुडुमदेवाची जत्रा असते, तिथे जातात, आणि तिथली पूजा आटोपली की आपापल्या गावची वाट धरतात.